मागच्या दाराने : फ्रेंच खाना, मुंबईचे भटारखाने आणि आपण

१९०३ साली तीन गोष्टी घडल्या. पॅरिसमध्ये ओग्युस्त एस्कोफिए या आचाऱ्याचा ‘ल गीद क्युलिनेर’ हा पाच हजारांहून अधिक पाककृतींचा ग्रंथ प्रसिद्ध झाला. पुढे जगभरच्या बड्या हॉटेलांनी तो एखाद्या स्मृतिग्रंथासारखा डोक्यावर घेतला. १६ डिसेंबरला मुंबईत अपोलो बंदरावर जमशेटजी टाटांचे ताजमहाल हॉटेल सुरू झाले. आणि पुणे जिल्ह्यात सासवडला ५१ गावांतील महारांची सभा भरली. सैन्यात, पोलिसांत, सरकारी नोकरीत आम्हाला घ्या, ही त्या सभेची मागणी होती. पहिल्या दोन गोष्टी खाद्यसंस्कृतीच्या इतिहासात येतात, तिसरी आपल्या चळवळीच्या. पण सासवडची सभा भरवणारे शिवराम जानबा कांबळे हे पुण्याच्या मेसॉनिक हॉलमध्ये बटलर होते, एवढे एक वाक्य मध्ये ठेवले की हे तिन्ही धागे एकमेकांना कुठे लागतात ते दिसू लागते.

‘बटलर’ हा शब्द आपल्या मराठी लेखकांनी हसण्यावारी नेला. बटलरी इंग्रजी म्हणजे चुकीचे इंग्रजी. साहेबाचे टेबल मांडणारा, पांढरा कोट घातलेला काळा माणूस म्हणजे विनोदी पात्र. या पात्राने १९०८ साली ‘सोमवंशीय मित्र’ हे मासिक काढले आणि १९२९ च्या पर्वती सत्याग्रहात तो पुढे होता, हे विनोद करणाऱ्यांना ठाऊक नव्हते, आणि ठाऊक असते तरी त्यांनी ते सांगितले नसते. अर्ज कसा लिहायचा, सभेचे काम कसे चालवायचे, साहेब कोणत्या शब्दाला कान देतो, हे त्या काळी आपल्यापैकी ज्यांना जवळून पाहायला मिळाले त्यांत पलटणीतले लोक होते, तसे साहेबांच्या घरात आणि क्लबात वावरणारे लोकही होते. १८९० च्या दशकात महारांची सैन्यभरती बंद झाल्यावर तर या दुसऱ्या वाटेचे मोल वाढले.

ही वाट आपल्याला कुणी दयेने दिली नव्हती. विटाळाच्या नियमांनीच ती मोकळी ठेवली होती. साहेबाच्या ताटात गाईचे मांस, डुकराचे मांस, पेल्यात दारू. त्या ताटाला, त्या पेल्याला आणि विशेषतः खाऊन झाल्यावरच्या ताटाला हात लावायला सवर्ण नोकर तयार नसे. म्हणून मद्रासकडे युरोपियनांच्या स्वयंपाकघरात परैयार आले. मुंबईकडे चुलीपाशी गोव्याचे ख्रिस्ती आणि मुसलमान खानसामे आले, आणि टेबल मांडणे, पंखा ओढणे, झाडलोट, भांडी यांत आपले लोक शिरले. भांडी घासणाऱ्याला त्या जगात ‘मसालची’ म्हणत. मूळचा मशाल धरणारा. पुढे दिवे आले, मशाल गेली, आणि हातात राखुंडी राहिली.

माझे वडील दक्षिण मुंबईतील एका जुन्या क्लबात सव्वीस वर्षे मसालची होते. खेड तालुक्यातून आलेला चौथी शिकलेला माणूस. कॉन्सोमे, सूफले, ब्लाँमांज हे शब्द त्यांनी बशीच्या तळाला लागलेल्या अवस्थेत वाचले. लोण्याचा सॉस गार झाला की काचेला कसा धरतो, त्याला आधी काय लावायचे आणि कढत पाणी कधी ओतायचे, याचे ज्ञान त्यांना एखाद्या फ्रेंच आचाऱ्याइतके होते, फक्त दुसऱ्या टोकाकडून. मी एम. ए. झाले तेव्हा त्यांनी पेढे क्लबात वाटले नाहीत, वस्तीत वाटले. ते एवढेच म्हणाले, “तिथं कशाला?”

फ्रेंच खान्याविषयी लिहिताना आपल्याकडचे पत्रकार राजेरजवाडे, झुंबरे आणि वाइनची साले यांत रमतात. मला त्यातील एकच गोष्ट महत्त्वाची वाटते. या खान्याची कीर्ती ज्यांनी उभी केली ती माणसे तळातून आली होती. मारी-अंत्वान कारेम (१७८४–१८३३) याला दहा वर्षांचा असताना गरीब बापाने पॅरिसच्या रस्त्यावर सोडून दिले. एका स्वस्त खाणावळीत तो पोऱ्या म्हणून राहिला, आणि पुढे तालेराँ, रशियाचा झार, इंग्लंडचा युवराज आणि रॉथशिल्ड यांच्यासाठी रांधले. त्याला लोक आचाऱ्यांचा राजा म्हणू लागले. एस्कोफिए लोहाराचा मुलगा. तेराव्या वर्षी काकाच्या हॉटेलात चुलीपुढे उभा राहिला. त्याचा जोडीदार सेझार रिट्झ हा स्वित्झर्लंडमधील शेतकऱ्याचे तेरावे अपत्य. एजेनी ब्राझिए ही तर शेतमजुरी करणारी पोर, आई लहानपणी गेलेली, लग्नाशिवाय मूल झाले म्हणून बापाने घराबाहेर काढलेली. मोलकरणीची स्वयंपाकीण झाली, १९२१ मध्ये लिआँ शहरात तिने स्वतःचे उपाहारगृह काढले, आणि १९३३ मध्ये मिशेलॅं मार्गदर्शिकेने तिच्या दोन्ही उपाहारगृहांना तीन-तीन तारे दिले. पॉल बोक्युझ हा जगप्रसिद्ध आचारी तिच्या हाताखाली शिकला. घरोघर बाईच रांधते, पण नाव होते ते पुरुष आचाऱ्याचे. म्हणून ब्राझिएचे नाव मी मुद्दाम लांबवून घेतले.

या माणसांच्या हातचे राजाने खाल्ले. तो हात कुणाच्या पोटी जन्मलेल्याचा आहे, हे विचारून खाल्ले नाही. मुद्दा एवढाच आहे, आणि आपल्या दृष्टीने तो फार मोठा आहे.

इथे कुणी म्हणेल की फ्रान्समध्येही धंदे बांधलेले होते. होते. भाजलेले मांस विकणाऱ्यांचा संघ वेगळा, डुकराच्या मांसाचे पदार्थ करणाऱ्यांचा वेगळा, मेजवान्या पुरवणाऱ्यांचा वेगळा. एकाने दुसऱ्याच्या धंद्यात हात घातला तर खटले होत. आमच्या एका ज्येष्ठ सहकाऱ्यांना हे सांगितले तेव्हा ते आनंदाने म्हणाले, “म्हणजे जातीच की!” विद्वानांना हा आनंद वारंवार होतो. पण ते संघ मार्च १७९१ मध्ये क्रांतीच्या सरकारने एका कायद्याने मोडले आणि ते मोडले. भाजणाऱ्याचा मुलगा उकडणारा झाला तर त्याच्या सावलीचा विटाळ कुणाला झाला नाही. आपल्याकडे श्रमाची नव्हे तर श्रमिकांची वाटणी झालेली आहे, हे बाबासाहेबांनी १९३६ मध्ये सांगितले, त्याचा अर्थ अशा तुलनेत नीट उलगडतो. क्रांतीनंतर सरदारांचे बेकार झालेले आचारी रस्त्यावर आले आणि त्यातून उपाहारगृहे जन्मली, ही लाडकी कथाही अर्धीच खरी आहे. ‘रेस्तराँ’ त्याच्या वीसेक वर्षे आधी, १७६० च्या दशकात, ताकद भरून आणणारे सूप विकणाऱ्या दुकानांतून सुरू झाले होते.

फ्रान्सचे गोडवे गाण्यासाठी मी हे लिहीत नाही. एस्कोफिएने भटारखान्याला पलटणीची शिस्त लावली : वर मुख्य शेफ, त्याखाली सू-शेफ, मग सॉसवाला, माशावाला, भाजणारा, आणि सगळ्यांत खाली प्लाँजर, म्हणजे फ्रेंच मसालची. जॉर्ज ऑर्वेलने पॅरिसच्या हॉटेलात हे काम केले आणि १९३३ च्या आपल्या पुस्तकात त्या तळघराचा घाम लिहून ठेवला. खुद्द एस्कोफिए आणि रिट्झ यांना १८९८ मध्ये लंडनच्या सॅव्हॉय हॉटेलातून आर्थिक गैरव्यवहारावरून काढून टाकले होते. देव्हाऱ्यात बसवण्याची घाई नको.

उष्ट्याचा व्यवहारही तिथे होता. एकोणिसाव्या शतकात पॅरिसच्या बड्या उपाहारगृहांतील ताटांत उरलेले मांसाचे, माशाचे, पक्वान्नाचे तुकडे बाजारात एकत्र मांडून गरिबांना विकले जात. त्या रंगीबेरंगी ढिगाला ‘आर्लेकँ’ म्हणत, म्हणजे ठिगळांचा झगा घातलेला विदूषक. वाचताना माझ्या अंगावर काटा आला. पण नंतर लक्षात आले की तिथला गरीब चार पैसे टाकून ते उष्टे विकत घेत होता आणि चार पैसे जास्त मिळाले की घेणे थांबवत होता. आपल्या आज्या-पणज्या दारोदार ‘वाढा माय’ म्हणत फिरल्या ते भूक होती म्हणून, हे खरेच. पण तो त्यांचा ‘हक्क’ म्हणून वतनात लिहिलेला होता. उष्टे हा हक्क! भूक संपली तरी तो हक्क संपत नव्हता.

या फ्रेंच चुलीशी आपल्या दुःखाच्या सर्वांत जवळचा माणूस फ्रेंच नव्हता. १९७२ मध्ये दलित पँथरने अमेरिकेतील काळ्या बांधवांकडून नाव घेतले. त्यांच्या पूर्वजांपैकी हा एक. जेम्स हेमिंग्ज हा थॉमस जेफरसनचा गुलाम. ज्याच्या लेखणीतून अमेरिकेच्या स्वातंत्र्याचा जाहीरनामा उतरला तोच जेफरसन. आणि हेमिंग्ज नुसता गुलाम नव्हता, जेफरसनच्या बायकोचा सावत्र भाऊही होता. १७८४ मध्ये जेफरसन त्याला पॅरिसला घेऊन गेला, फ्रेंच स्वयंपाक शिकवला आणि आपल्या तिथल्या घराचा मुख्य आचारी केला. फ्रान्सच्या भूमीवर गुलाम न्यायालयात जाऊन मुक्ती मागू शकत होता. हेमिंग्जने ती मागितली नाही. १७८९ मध्ये तो मालकाबरोबर परतला. १७९३ मध्ये करार झाला : दुसऱ्या कुणाला ही विद्या शिकवशील तेव्हा सुटशील. त्याने आपल्याच भावाला, पीटरला, शिकवले आणि १७९६ मध्ये तो मुक्त झाला. पीटर गुलामच राहिला. जाण्यापूर्वी जेम्सने भटारखान्यातील भांड्यांची यादी स्वतःच्या हाताने लिहून दिली. ती आजही जपून ठेवलेली आहे. १८०१ मध्ये जेफरसन राष्ट्राध्यक्ष झाला आणि त्याला आचारी हवा होता. निरोप आला तेव्हा हेमिंग्जने कळवले की साहेबांनी मला स्वतः लिहावे. ते पत्र आले नाही. त्याच वर्षी, वयाच्या छत्तिसाव्या वर्षी, त्याने जीव दिला.

कला हातात आली म्हणजे माणूस सुटतो असे मानणाऱ्यांनी हेमिंग्ज वाचावा. आणि कला मालकाची म्हणून ती टाकूनच द्यावी असे म्हणणाऱ्यांनीही वाचावा.

आता आपल्या मुंबईकडे येऊ. इथल्या सुधारणेचा आरंभच पावापासून झाला. १८४९ मध्ये दादोबा पांडुरंग आणि मंडळींनी परमहंस सभा काढली. सभासद होताना ख्रिस्ती माणसाने भाजलेला पाव खायचा, पण दारे लावून, गुप्तपणे. १८६० मध्ये सभासदांची यादी चोरीला गेली आणि जातिभेद मोडायला निघालेली सभा नाव फुटण्याच्या भीतीने मोडली. १८९० मध्ये पुण्यात पंचहौद मिशनमध्ये टिळक, रानडे आदी मंडळी चहा-बिस्किटे घेऊन बसली, तर नावे छापली गेली, शंकराचार्यांपर्यंत प्रकरण गेले, ग्रामण्य झाले, प्रायश्चित्ते झाली. एका बिस्किटाचा हा इतिहास. या चहापानात आपण कुठे होतो, हा प्रश्नही कुणाच्या मनात आला नाही.

ताजविषयी एक कथा सांगितली जाते की वॉटसन्स हॉटेलने जमशेटजींना ‘फक्त युरोपियनांसाठी’ म्हणून परत पाठवले आणि त्या अपमानातून ताज उभे राहिले. याला भक्कम पुरावा नाही, तरी ती अभिमानाने सांगतात. आपल्याकडची अशीच गोष्ट दंतकथा नाही. १९१७ मध्ये कोलंबिया विद्यापीठात शिकून आलेले बाबासाहेब बडोद्याला नोकरीवर गेले. हिंदू हॉटेलात जागा मिळणार नव्हती. पारशी नाव लावून ते एका पारशी धर्मशाळेत राहिले आणि अकराव्या दिवशी काठ्या घेतलेल्या पारशांनी त्यांना बाहेर काढले. एका पारशाच्या अपमानातून वाडा उभा राहिल्याची कथा आणि पारशांच्या दारातून बाबासाहेबांचे बाहेर पडणे, ही दोन्ही पाने शेजारी ठेवून मी वर्गात शिकवते. मग दर वेळी वर्गात थोडी शांतता पसरते.

ताजच्या चुलीपाशी आरंभी युरोपियन मुख्य आचारी होते. त्यांच्या हाताखाली शिकलेले गोव्याचे मिगेल आर्कांजो मास्कारेन्यस, सगळ्यांचे ‘मास्की’, भटारखान्यातल्या पोऱ्यापासून चढत मुख्य आचारी झाले. धोबीतलावच्या गोवेकरी ‘कुडां’मध्ये अशी कितीतरी माणसे ट्रंका टाकून राहिली आणि त्यांनी मुंबईला सॉस, सूप आणि पुडिंग शिकवले. धर्मांतराने त्यांच्यावरचे चुलीचे बंधन गेले; जात मात्र चर्चमध्येही बामण, चारडी, सुदीर अशी बाकांवर बसून राहिली. पुढे १९८९ मध्ये ताजमध्ये झोडिॲक ग्रिल निघाले, हेमंत ओबेरॉय यांच्यासारख्या शेफची नावे वर्तमानपत्रांत येऊ लागली. २६ नोव्हेंबर २००८ च्या हल्ल्यात याच भटारखान्यातील माणसांनी पाहुण्यांना मागच्या वाटेने बाहेर काढताना स्वतः गोळ्या झेलल्या. त्या रात्री मागच्या दाराचा इतिहास थोडा वेळ पुढच्या पानावर आला.

संविधानाच्या पंधराव्या अनुच्छेदाने उपाहारगृहाचे पुढचे दार आपल्याला उघडले. पैसे असतील तर मी तिथे जाऊन बसू शकते. माझ्या बशीला मसालची कोण, हे मी विचारणार नाही आणि वेटर माझी जात विचारणार नाही. हे सहभोजन रुपयाने घडवलेले आहे. आणि नुसत्या सहभोजनाने जात जात नाही, हेही बाबासाहेबांनीच सांगून ठेवले आहे. हॉटेलात फ्रेंच शेफच्या हातचे खाणारी माणसे घरी आल्यावर स्वयंपाकाला ‘आपल्यातली बाई’ शोधतात. पुण्यात २०१७ मध्ये एका उच्चविद्याविभूषित बाईंनी स्वयंपाकिणीने जात लपवली म्हणून पोलिसांत फिर्याद केली, ती काही पेशवाईतील गोष्ट नाही.

आता वजडीबद्दल. नॉर्मंडीतील काँ शहराच्या नावाने एक पदार्थ प्रसिद्ध आहे : बैलाच्या पोटाची वजडी, पाया घालून, सफरचंदाच्या दारूत कितीतरी तास मंद आचेवर शिजवलेली. भेजा, मुंडी, गुरदा, रक्त भरलेली आतडी, हाडातली मज्जा, हे सगळे फ्रेंच टेबलावर मानाने येते. २०१० मध्ये युनेस्कोने फ्रेंच जेवणपद्धतीला मानवजातीचा वारसा म्हटले. हेच जिन्नस आपल्या घरात शिजत तेव्हा वास गावभर जाई आणि त्या वासावरून आपली जात ओळखली जाई. शाहू पाटोळे यांच्या ‘अन्न हे अपूर्ण ब्रह्म’ (२०१५) या पुस्तकाने मराठवाड्यातील महारा-मांगांच्या चुलीवरचे हे अन्न पहिल्यांदा संकोच न धरता नोंदवले. चान्या, रक्ती, वजडी आपापल्या नावांनी छापली गेली.

यावर आपलेच काही कार्यकर्ते रागावतात. मार्च १९२७ मध्ये महाडला बाबासाहेबांनी मेलेल्या ढोराचे मांस सोडा, उष्टे मागू नका असे सांगितले, आणि तुम्ही चान्यांचे कौतुक करता? या रागाचा मला आदर आहे. माझ्या आजीने तो शब्द पाळला आणि मरेपर्यंत पाळला. पण बाबासाहेबांनी नाकारली ती चव नव्हे. ढोर ओढून नेण्याच्या बदल्यात ते मांस मिळत होते. तो व्यवहार त्यांनी नाकारला. त्याच महाडात तळ्यावरून परतलेल्या आपल्या लोकांवर सवर्णांनी हल्ला केला तेव्हा मंडपात शिजलेले अन्न मातीत तुडवले गेले. ते अन्न उष्टे नव्हते, आपण आपल्यासाठी रांधलेले होते. तुडवले ते म्हणूनच.

मी जेसल पार्कला राहते. भाईंदर पूर्वेला, वसईच्या खाडीच्या काठावर. संध्याकाळी चौपाटीवर माणसे फिरायला येतात, पलीकडे खाडीपुलावरून गाड्या धडधडत जातात. मुंबईच्या हॉटेलांत राबणारी पुष्कळ माणसे या पट्ट्यात राहतात, कारण इथे भाडे परवडते आणि शेवटची लोकल मिळते. पण भाड्याचे घर शोधताना दलालाचा पहिला प्रश्न भाड्याचा नव्हता : “मॅडम, नॉनव्हेज?” सप्टेंबर २०१५ मध्ये आमच्या महानगरपालिकेने पर्युषणात आठ दिवस मांसविक्री बंद ठेवण्याचे ठरवले, त्यावरून मुंबईभर वाद पेटला, त्याच वर्षी मार्चमध्ये राज्यात बैलाच्या कत्तलीवरही बंदी आली. म्हणजे राज्यात कापलेल्या बैलाच्या वजडीचे ते काँचे फ्रेंच पक्वान्न महाराष्ट्रात आता ताजमध्येही शिजू शकत नाही. आपली चूल आणि एस्कोफिएची चूल एकाच कायद्याखाली आल्या, हा विनोद इतिहासालाच सुचू शकतो.

याच भागातील माझ्या एका विद्यार्थिनीने बारावीनंतर हॉटेल व्यवस्थापनाला प्रवेश घेतला. दादरची सरकारी संस्था १९५४ पासून आहे, लीलावती मुन्शींनी सुरू केलेली. अशा सरकारी संस्थांत आपल्या राखीव जागा आहेत, आणि आपली मुले तिकडे फारशी वळत नाहीत. तिचे वडील कंत्राटी सफाई कामगार. ते माझ्याकडे आले आणि म्हणाले, “मॅडम, तिला समजवा. तीन पिढ्या दुसऱ्याची खरकटी काढली, आता पोरगी शिकून तेच करणार?” मला माझे वडील आठवले, आणि त्यांच्या बाजूने बोलावेसे वाटले. पण मी तिच्या बाजूने बोलले. शिक्षण घेऊन, पगारपत्रक घेऊन, सुरी हातात धरून चुलीपुढे उभे राहणे आणि मागच्या दारी ओंजळ पसरून उभे राहणे यांत १९२७ सालाचे अंतर आहे. तरी तिला एक सांगितले : बड्या हॉटेलात गेलीस की ‘किचन स्टुअर्डिंग’ नावाचे खाते बघ. तिथली माणसे कायम आहेत की कंत्राटी, त्यांची आडनावे काय, ते विचार. मसालची गेला, शब्द इंग्रजी झाला, आडनावे किती बदलली ते मला कळव.

ती दुसऱ्या वर्षाला आहे. परवा तिने मला वहीचे एक पान दाखवले. परीक्षेसाठी जनावराच्या अवयवांची फ्रेंच नावे पाठ करायची होती, म्हणून आईला विचारून तिने शेजारी घरातली नावे लिहिली होती. त्रिप म्हणजे वजडी, सेर्वेल म्हणजे भेजा, रॉन्यों म्हणजे गुरदा, पिए म्हणजे पाया, बुदँ म्हणजे रक्ती, असे तिने मांडले होते. रक्तीला मी हरकत घेतली, कारण बुदँ आतड्यात भरलेले असते आणि आपली रक्ती तव्यावर होते. तिने शेरा लिहून घेतला. फ्रेंच रकाना चान्यांपुढे रिकामा आहे. मराठी रकाना मात्र अपुरा आहे, कारण तिच्या आईला कोकणातली नावे ठाऊक, मराठवाडा-विदर्भातली नाहीत. वाचकांपैकी ज्यांच्या घरात आजी अजून आहे, त्यांनी ती नावे, कापण्याची रीत आणि शिजवण्याची रीत यांसह, लिहून ठेवावीत आणि या त्रैमासिकाकडे धाडावीत.